रेड बेरेन्सन: एनएचएलमधून परत कॉलेजात गेलेला माणूस आणि कॉलेज हॉकीचं अजब गणित

माझा भाचा मागच्या वर्षी एमएस करायला मिशिगन युनिव्हर्सिटीत गेला, ॲन आर्बरला. डिसेंबरात एका रात्री त्याचा फोन, आवाज पार बसलेला, मामा आज आइस हॉकीची मॅच बघितली, नियम एकही कळला नाही पण ओरडून ओरडून घसा गेला. मग विचारतो, इथल्या रिंकला कोणा रेड बेरेन्सनचं नाव दिलंय, हा कोण? मी म्हटलं, अरे कोच होता तिथला, ३३ वर्षं. तर म्हणे एवढा भारी होता तर मोठ्या लीगमध्ये, एनएचएलमध्ये का नाही गेला? म्हटलं गेला होता ना, तिथूनच तर परत आला. पलीकडे शांतता.

मला या खेळाचा नाद कसा लागला ते विचाराल तर कंपनीच्या कामासाठी डेट्रॉईटजवळ तीन हिवाळे काढलेत आणि तिथल्या थंडीत संध्याकाळी दुसरं करायला काही नसतं. भाच्याला फोनवर अर्धा तास जे सांगितलं ते जरा नीट लिहून काढतोय, कारण या माणसाचं करिअर समजलं की अमेरिकेतली कॉलेज हॉकी कशी चालते हे आपोआप समजतं, आणि ती भयंकर गुंतागुंतीची भानगड आहे.

आधी खेळ, दोन मिनिटांत. आपल्याकडे हॉकी म्हटलं की ध्यानचंद, गवत, टर्फ. ही बर्फावरची, पायात स्केट्स, बॉलच्या जागी रबराची चपटी चकती, तिला पक म्हणतात. एका टीमचे गोलकीपर धरून सहा जण बर्फावर, बाकीचे बाकावर, आणि खेळ चालू असतानाच चाळीस-पंचेचाळीस सेकंदांनी अख्खी फळी बदलते कारण त्याहून जास्त वेळ जीव खाऊन स्केटिंग करणं कुणालाच झेपत नाही. वीस-वीस मिनिटांचे तीन भाग. बरोबरी झाली तर ओव्हरटाइम, आणि मोठ्या स्पर्धेत ओव्हरटाइममध्ये पहिला गोल पडला की खेळ खल्लास. हे शेवटचं वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता मुख्य भानगड. आपल्याकडे कॉलेजचा खेळ म्हणजे अटेंडन्स माफ होतो तो प्रकार. एके काळी रोहिंटन बारिया ट्रॉफीला वजन होतं, युनिव्हर्सिटी क्रिकेट गाजवून मुलं पुढे जायची, गावस्करही त्यात खेळलेला, पण आज कुणाला विचारा फायनल कधी झाली म्हणून. अमेरिकेत कॉलेजचा खेळ ही स्वतंत्र दुनिया आहे. एनसीएए नावाची संस्था ती चालवते, आइस हॉकीच्या सगळ्यात वरच्या गटात साठेक कॉलेजं आहेत, ऑक्टोबर ते एप्रिल सीझन, बहुतेक मॅच शुक्रवारी आणि शनिवारी, त्याही बहुतेक वेळा त्याच टीमशी लागोपाठ दोन रात्री, आणि सोमवारी सकाळी पोरगं परत वर्गात. निदान तसं अपेक्षित असतं.

बेरेन्सनची गोष्ट मात्र कॅनडात सुरू होते. सास्काचेवान प्रांतातलं रेजायना शहर, जन्म ८ डिसेंबर १९३९, खरं नाव गॉर्डन, केस लाल म्हणून रेड. तेव्हाच्या कॅनडात हॉकी खेळणाऱ्या पोराचा रस्ता आखलेला असायचा. शाळा अर्धवट सोडा, ज्युनियर टीममध्ये खेळा, तिथून एनएचएल. आणि एनएचएलमध्ये तेव्हा टीम फक्त सहा, म्हणजे अख्ख्या देशातून सव्वाशेच्या आसपास नोकऱ्या. त्यात ड्राफ्ट, म्हणजे क्लबांनी पाळीपाळीने नवी पोरं निवडायची पद्धत, वगैरे काही नव्हतं, मोठे क्लब ज्युनियर टीमना पोसायचे आणि त्या टीममधल्या पोरांवर त्यांचाच हक्क. रेजायनाची पॅट्स ही टीम माँट्रियल कनेडियन्सच्या पंखाखाली, बेरेन्सन तिच्यात खेळला, म्हणजे पोरगं माँट्रियलचं झालं. विचारायला कुणी येत नसे.

आणि हा पठ्ठ्या म्हणाला मी आधी कॉलेज करणार, तेही अमेरिकेत. त्या काळी याचा अर्थ हॉकी सोडली असाच धरायचे लोक. कॉलेजची हॉकी म्हणजे नाजूक पोरांचा खेळ, तिथून एनएचएलमध्ये कुणी जात नाही, हे कॅनडात सगळ्यांना पाठ होतं आणि अगदीच खोटंही नव्हतं कारण जाणारे बोटावर मोजण्याइतके. बरं हा काही कच्चा नव्हता म्हणून अभ्यासाकडे वळला असंही नाही, १९५९ साली एकोणीस वर्षांचा असताना कॅनडाच्या टीममधून चेकोस्लोव्हाकियात वर्ल्ड चॅम्पियनशिप खेळून गोल्ड जिंकून आलेला. तरी ॲन आर्बर. मिशिगनकडून १९६१-६२ च्या शेवटच्या सीझनला २८ मॅचमध्ये ४३ गोल. आणि सोबत बिझनेसची डिग्री. पुढे एनएचएलमध्ये खेळता खेळता एमबीए पण केलं, १९६६ ला, मिशिगनमधूनच. आज खेळाडू एमबीए करतो तर बातमी होते, साठच्या दशकात हॉकीवाल्याने करणं म्हणजे काय असेल बघा.

मार्च १९६२. न्यूयॉर्क राज्यातल्या युटिका गावी कॉलेजची शेवटची स्पर्धा, मिशिगन सेमीफायनल हरलं, शनिवारी तिसऱ्या नंबरसाठीची मॅच जिंकलं, आणि रविवारी रात्री बेरेन्सन बॉस्टनमध्ये माँट्रियल कनेडियन्सचा शर्ट घालून एनएचएलच्या मॅचला उतरला. एका रात्रीत. कॉलेजातून मधे कुठेही न थांबता थेट एनएचएलमध्ये गेलेला पहिला खेळाडू म्हणून त्याचं नाव घेतात ते यामुळे.

पुढची एनएचएल करिअर मी भरभर सांगतो, तिच्यावर वेगळं लिहावं लागेल. माँट्रियलमध्ये सेंटरच्या जागेवर आधीच बेलिवो आणि हेन्री रिशार असली माणसं बसलेली, त्यामुळे हा कधी वर कधी खालच्या लीगमध्ये, १९६५ ला स्टॅन्ली कप, म्हणजे एनएचएलचं विजेतेपद, मिळाला पण हुकमी जागा नाही मिळाली. मग न्यूयॉर्क, आणि १९६७ च्या नोव्हेंबरात सेंट लुईस ब्लूज. त्याच वर्षी एनएचएलने सहाच्या बारा टीम केल्या होत्या आणि नव्या सहाही टीम एकाच गटात टाकलेल्या, म्हणजे नव्यातली एक टीम दरवर्षी फायनलला जाणार हे ठरलेलंच. सेंट लुईस पहिली तिन्ही वर्षं गेलं. आणि तिन्ही वेळा चार-शून्य मार खाऊन आलं, बारापैकी बारा मॅच हरून. पण त्या नव्या टीमचा पहिला मोठा स्टार कोण तर बेरेन्सन. ७ नोव्हेंबर १९६८ ला फिलाडेल्फियात जाऊन, त्यांच्या घरच्या रिंकवर, एका मॅचमध्ये सहा गोल मारले. स्कोअर आठ-शून्य, त्यातले सहा याचे. त्याआधी सहा गोल १९४४ साली झाले होते आणि नंतर एकदाच, १९७६ ला टोरोंटोच्या डॅरिल सिटलरने, तेही घरच्या मैदानावर. सात गोलांचा विक्रम जो मलोनचा आहे पण तो १९२० चा, तेव्हाचा खेळच वेगळा होता.

एक छोटी गोष्ट मला फार आवडते. तेव्हा एनएचएलमध्ये बहुतेक सगळे डोक्यावर काही न घालता खेळायचे, हेल्मेट घालणं बायकी समजत. बेरेन्सन हेल्मेट घालायचा. डोकं असलेला माणूस डोकं सांभाळणारच.

१९७१ ला त्याला डेट्रॉईटला ट्रेड केलं, म्हणजे दुसऱ्या खेळाडूंच्या बदल्यात देऊन टाकलं, योगायोग म्हणा काय म्हणा, तेव्हा तो खेळाडूंच्या युनियनचा अध्यक्ष होता. १९७२ ला कॅनडा विरुद्ध सोव्हिएत युनियन या गाजलेल्या सिरीजच्या टीममध्ये होता. परत सेंट लुईस, आणि १९७८ ला रिटायर, ९८७ मॅच आणि २६१ गोल खात्यात.

आता कोच. सेंट लुईसनेच १९७९ च्या डिसेंबरात त्याला हेड कोच केलं. १९८०-८१ च्या सीझनला टीमने १०७ पॉइंट काढले, अख्ख्या लीगमध्ये दुसरा नंबर, आणि बेरेन्सनला जॅक ॲडम्स अवॉर्ड, म्हणजे वर्षातला सर्वोत्तम कोच. पुढच्या सीझनला टीम घसरली आणि मार्च १९८२ मध्ये काढून टाकलं. सर्वोत्तम कोच ते घरी बसलेला कोच, नऊ-दहा महिने. हे त्या धंद्यात नॉर्मल आहे बरं का. एनएचएलमध्ये खेळाडू आणतो जनरल मॅनेजर, पैसे देतो मालक, आणि टीम हरली की वीस-बावीस खेळाडू बदलणं महाग पडतं म्हणून एक कोच बदलतात. आपल्याकडे आयपीएलमध्ये हेच चालतं.

मग दोन वर्षं बफेलोला स्कॉटी बोमनचा असिस्टंट. आणि १९८४ ला मिशिगनने बोलावलं. आणि हा गेला.

भाच्याचा प्रश्न इथेच होता, का गेला. उत्तर द्यायला कॉलेज कोच नेमकं करतो काय ते सांगावं लागतं. नुसतं मुलांना खेळ शिकवतो म्हणाल तर अर्ध्याहून कमी झालं.

कॉलेज कोचला ट्रेड नाही, लिलाव नाही, खेळाडू विकत घेणं नाही. त्याने स्वतः जाऊन पंधरा-सोळा वर्षांची पोरं शोधायची, त्यांच्या आईबापांच्या स्वयंपाकघरात बसून कॉफी पीत पटवायचं की तुमच्या मुलाची चार वर्षं मला द्या. याला रिक्रूटिंग म्हणतात आणि कोचचा निम्मा जीव त्यातच जातो. बेरेन्सनच्या काळात एका टीमला जास्तीत जास्त अठरा स्कॉलरशिप देता यायच्या, टीममध्ये पोरं पंचवीस-सव्वीस, म्हणजे त्या अठरा फोडून वाटायच्या, याला पूर्ण, त्याला अर्धी, तिसऱ्याला सध्या काहीच नाही पण ये. (२०२५ पासून बऱ्याच कॉलेजांसाठी ही स्कॉलरशिपची मर्यादा गेली, त्यांना आता टीममध्ये किती पोरं एवढंच बंधन उरलंय.)

त्यात समोर स्पर्धा इतर कॉलेजांची तर असतेच, पण खरा शत्रू वेगळा. कॅनडात मोठ्या ज्युनियर लीग आहेत, तिथे सोळाव्या वर्षापासून एनएचएलसारखं लांबलचक वेळापत्रक, प्रवास, थोडा खर्चाला पैसा. तो पैसा मिळतो म्हणून एनसीएए त्या पोरांना प्रोफेशनल धरायची. म्हणजे तिकडे एकदा जरी खेळलात तरी कॉलेज हॉकीचं दार जवळजवळ बंद. सोळा वर्षांच्या मुलाने ठरवायचं, इकडे की तिकडे, आणि परत फिरता यायचं नाही. आपल्याकडे दहावीनंतर सायन्स की कॉमर्स यावर घरात महाभारत होतं, इथे तर ते आयुष्यभराचं. हा नियम नोव्हेंबर २०२४ मध्ये बदलायचं ठरलं आणि ऑगस्ट २०२५ पासून बदलला, पण बेरेन्सनची सगळी ३३ वर्षं जुन्या नियमाखाली गेली. त्यामुळे व्हायचं असं की पोराने हो म्हटलं, सगळं ठरलं, आणि ऐन वेळी ते कॅनडाला निघून गेलं. २०११ च्या उन्हाळ्यात जॉन गिब्सन नावाचा गोलकीपर असाच गेला, मिशिगनला येतो म्हणून कबूल केलेलं, गेला किचनरला. पुढे एनएचएलमध्ये वर्षानुवर्षं खेळला. कोचने काय करायचं? दुसरा गोलकीपर बघायचा, ऑगस्ट महिन्यात.

बरं, पोरगं आलं समजा. तर दुसरी गंमत, एनएचएलचा ड्राफ्ट होतो अठराव्या वर्षी. म्हणजे कॉलेजात खेळणाऱ्या चांगल्या पोरांवर आधीच कुठल्यातरी एनएचएल क्लबचा शिक्का असतो. पोरगं तुमच्याकडे, तालीम तुमची, स्कॉलरशिप तुमची, आणि हक्क त्यांचा. तो क्लब कुठल्याही उन्हाळ्यात फोन करून म्हणू शकतो चल, सही कर, आणि सही केली की कॉलेज संपलं, परत येता येत नाही. म्हणजे कोच जितका चांगला तितकी त्याची पोरं लवकर पळवली जाणार. टीम जितकी मजबूत, पुढच्या वर्षी तितकं मोठं भगदाड. असला धंदा दुसरा कुठला असेल तर मला सांगा.

उलटही होतं, पोरं पण हुशार असतात. माइक व्हॅन रिन नावाचा मिशिगनचा डिफेन्समन, न्यू जर्सीने ड्राफ्ट केलेला. दोन वर्षं कॉलेज खेळून तो सही न करता कॅनडाच्या ज्युनियर लीगमध्ये एक वर्ष जाऊन बसला, आणि नियमातली फट अशी की त्यामुळे न्यू जर्सीचा हक्कच संपला, प्रकरण लवादापर्यंत गेलं, पोरगं जिंकलं आणि २००० साली मोकळेपणी सेंट लुईसशी सही केली. वकील लोक अजून त्याच्या नावाने ती फट ओळखतात. न्यू जर्सीचं नुकसान झालं ते झालंच, पण मिशिगनचा डिफेन्समनही मधल्यामधे दोन वर्षं आधी गेला ना.

आता या सगळ्यात बेरेन्सनकडे असं काय होतं जे बाकीच्यांकडे नव्हतं? माझं मत विचाराल तर सहा गोल नाहीत आणि जॅक ॲडम्स पण नाही. त्याच्याकडे १९५० च्या दशकातला तो एक निर्णय होता. आईबापांसमोर बसून तो म्हणू शकायचा की मला पण सगळ्यांनी हेच सांगितलेलं, कॉलेजला गेलास तर हॉकी संपली, मी गेलो, डिग्री घेतली, दुसऱ्या दिवशी एनएचएल खेळलो आणि पुढे सोळा-सतरा वर्षं खेळलो. यावर कोण काय बोलणार? बाकीचे कोच जे पटवून सांगत ते हा जगून आलेला. आणि त्याचा आग्रह पण तोच, डिग्री पूर्ण करा, लवकर पळू नका. कडक होता, अभ्यासात ढिलाई केलेली चालायची नाही.

पण आग्रहाने मॅच जिंकत नाहीत. १९८४ ला मिशिगनची अवस्था वाईट होती. कधीकाळी या कॉलेजने सात राष्ट्रीय विजेतेपदं मिळवलेली, १९४८ ते १९६४ मधे, सहा एकट्या व्हिक हेलिगर कोचच्या काळात आणि शेवटचं १९६४ ला, म्हणजे बेरेन्सन पास होऊन गेला त्यानंतर दोन वर्षांनी. नंतर दुष्काळ. पहिल्या सीझनला याच्या टीमने १३ जिंकल्या आणि २६ हरल्या. दुसरा आणि तिसरा सीझनही तसाच, हारच जास्त. एनएचएल असती तर केव्हाच नारळ दिला असता. इथे नाही दिला, कारण कॉलेजातल्या लोकांना गणित माहीत असतं, आज पटवलेलं सोळा वर्षांचं पोरगं दोन वर्षांनी येतं आणि त्यानंतर आणखी दोन वर्षांनी टीम पेलण्याइतकं होतं, म्हणजे कोचने आत्ता काय केलं ते चार वर्षांनी दिसणार. आंब्याची कलमं लावून पुढच्याच मे महिन्यात पेटी मागायची नसते.

फळ आलं १९९१ ला. राष्ट्रीय स्पर्धेत जागा मिळाली आणि पहिल्या फेरीत घरच्या योस्ट रिंकवर न्यूयॉर्क राज्यातल्या कॉर्नेलशी तीन मॅचची सिरीज. कॉर्नेलचे चाहते सोबत आलेले आणि ते असले संघटित ओरडायचे, ठरलेल्या घोषणा, गोलकीपरला टोमणे, की मिशिगनच्या पोरांनी तोंडात बोटं घातली. सिरीज मिशिगनने जिंकली आणि घोषणाही ढापल्या. भाच्याचा घसा बसला तो त्या वारशामुळे. योस्ट म्हणजे १९२३ साली बांधलेली विटांची जुनी इमारत, मूळ बर्फासाठी नव्हेच, १९७३ ला तिथे रिंक केली, आत आवाज असा घुमतो की विचारू नका.

तेव्हापासून २०१२ पर्यंत सलग २२ वर्षं मिशिगन राष्ट्रीय स्पर्धेत. दर चार वर्षांनी अख्खी टीम बदलते त्या खेळात सलग २२. कुणी मला सर्वात मोठी कामगिरी विचारली तर मी विजेतेपदं नाही, हा आकडा सांगेन.

विजेतेपदं दोन, १९९६ आणि १९९८. पण खरी मजा त्यांच्या मधल्या १९९७ मध्ये आहे. १९९६ ची फायनल सिनसिनाटीत, समोर कोलोरॅडो कॉलेज, ओव्हरटाइममध्ये ब्रेंडन मॉरिसनने गोल मारला आणि ३-२, बत्तीस वर्षांचा दुष्काळ संपला. आता नियमाप्रमाणे भगदाड पडायला हवं होतं. पण मॉरिसन आणि त्याच्या बॅचचे बाकीचे शेवटच्या वर्षाला परत आले, एनएचएल थांबली तर थांबली. कोचच्या शिकवणीचं याहून मोठं सर्टिफिकेट कुठलं. १९९६-९७ ची ती टीम म्हणजे राक्षस, ३५ जिंकल्या, हरल्या फक्त चार. मॉरिसनला होबी बेकर अवॉर्ड, म्हणजे कॉलेज हॉकीतला सर्वोत्तम खेळाडू. आणि त्या चार पराभवांतला एक सेमीफायनलचा, बॉस्टन युनिव्हर्सिटीकडून ३-२. संपलं. एनएचएलमध्ये सातातल्या चार जिंकायच्या असतात, चांगली टीम एक दिवस चुकली तर सावरते. कॉलेजात एक मॅच, हरलात की घरी. वर्षभर देवासारखं खेळा आणि एका संध्याकाळी समोरचा गोलकीपर तापला की तुमचं वर्ष पाण्यात.

मग ती बॅच गेली, सगळे एकदम. १९९७-९८ ला टीममध्ये नवी पोरं भरलेली, अनुभवी म्हणून गोलकीपर मार्टी टर्को. कुणी फार आशा धरावी अशी ती टीम नव्हती. फायनल बॉस्टनमध्ये, समोर बॉस्टन कॉलेज, म्हणजे त्यांच्याच गावात जाऊन खेळायचं, परत ओव्हरटाइम, आणि पहिल्या वर्षाला असलेल्या जॉश लँगफेल्डने गोल मारला, ३-२. राक्षस टीम रिकाम्या हाताने गेली आणि लेकरांनी कप आणला. मला तर वाटतं कॉलेज हॉकी समजून घ्यायला ही लागोपाठची दोन वर्षं पुरेत.

२०१० ची गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. सलग स्पर्धेत जायची साखळी तुटणार हे जवळपास नक्की होतं, सीझन बेकार गेलेला. राष्ट्रीय स्पर्धेत सोळा टीम घेतात, काही आकडेवारीवरून आणि काही आपापल्या विभागाची स्पर्धा जिंकून. मिशिगनला आता दुसराच रस्ता उरलेला, विभागात सातव्या नंबरवरून सुरुवात. त्यात मुख्य गोलकीपर जखमी. बाकावर शॉन हनविक, उंची पाच फूट सात इंच, म्हणजे गोलकीपरमध्ये बुटकाच, स्कॉलरशिपशिवाय टीमसोबत सराव करणारा. त्याला उभं केलं, आणि टीमने विभागाची स्पर्धा जिंकली. साखळी शाबूत. पुढच्या वर्षी हाच हनविक राष्ट्रीय सेमीफायनलला नॉर्थ डकोटासमोर उभा राहिला आणि चाळीस शॉट अडवून एकही गोल होऊ दिला नाही, २-०. फायनल मात्र मिनेसोटा डुलुथकडून ओव्हरटाइममध्ये गेली, ३-२. तोच स्कोअर, या वेळी उलटा.

त्याच सीझनला, ११ डिसेंबर २०१०, मिशिगनच्या फुटबॉल स्टेडियमवर उघड्यावर बर्फ टाकून मिशिगन स्टेटशी मॅच ठेवली. तिकिटांवरून जाहीर केलेला आकडा १,१३,४११, गिनीजवाल्यांनी मोजून मान्य केलेला १,०४,१७३. नऊ हजारांचं काय झालं, तिकीट घेऊन थंडीला घाबरले असतील. कॉलेजच्या पोरांची मॅच बघायला एक लाख माणूस डिसेंबरच्या थंडीत, आणि मिशिगन ५-० ने जिंकलं. बेरेन्सन तेव्हा ७१ वर्षांचा.

शेवटाकडे तेच गणित त्याच्यावर उलटलं. २०१३ ला साखळी तुटली. २०१५-१६ ला अफाट टीम जमली, कॉम्फर, काइल कॉनर आणि मॉट यांची एक फळी, कॉनर तर पहिल्याच वर्षाचा आणि ७१ पॉइंट (गोल आणि गोलला केलेली मदत मिळून) काढून देशात सगळ्यात पुढे, डिफेन्सला झॅक वेरेन्स्की. उन्हाळा आला, एनएचएल क्लबांचे फोन आले, चौघेही गेले. कॉनर एका वर्षात, वेरेन्स्की दोन वर्षांत. १९९७ च्या बॅचसारखं थांबणारं कुणी नव्हतं, आणि त्या पोरांना दोष तरी कसा देणार, आता तिकडचा पैसा असा आहे की डिग्रीचं नंतर बघता येतं. बेरेन्सनच्या पिढीला एनएचएलमध्ये उन्हाळ्यात दुसरी नोकरी करावी लागायची, म्हणून डिग्रीला किंमत होती, हे पण खरं. त्याने १९५० च्या दशकात जो हिशोब केला तो २०१६ च्या पोराने केला तर उत्तर वेगळं येतं. हा बदल त्याला कळत नव्हता असं नाही, आवडत नव्हता एवढंच असावं.

एप्रिल २०१७ मध्ये, ७७ व्या वर्षी, थांबला. ३३ सीझन, ८४८ विजय. शेवटच्या सीझनला, सगळे निघून गेलेल्या टीमसोबत, १३ विजय आणि १९ पराभव. पहिल्या सीझनलाही १३ च होते. मधल्या एकतीस वर्षांत ८२२.